धरणाच्या बातमीत आकडा देता, तो केवढा तेही सांगा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मी मांजलपूर, बडोद्याची. सासरची मंडळी गायकवाडांच्या काळात नोकरीनिमित्त इकडे आली ती इथलीच झाली, घरात मराठी, ओटल्यावर गुजराती, आणि पेपर मात्र आपला, तोही मोबाईलवर, सकाळच्या चहाबरोबर. नवरा म्हणतो तू पेपर वाचत नाहीस, तपासतेस. असेल बाई. सोसायटीचा हिशोब गेली अकरा वर्षं माझ्याकडे आहे, त्यामुळे आकडा दिसला की त्याच्यापुढे काय लिहिलंय ते आधी बघायचं, रुपये का पैसे, महिन्याचे का वर्षाचे, ही सवयच लागलीय. आणि पावसाळा सुरू झाला की आपल्या पेपरात धरणांचे जे आकडे येतात ना, टीएमसी, क्युसेक, दलघमी, टक्के, फूट, मीटर, ते वाचून किती जणांना काय कळत असेल असं मला दरवर्षी वाटतं. यंदा म्हटलं लिहूनच टाकू.

सुरुवात २०२४ च्या गोकुळाष्टमीपासून करते. तेव्हा विश्वामित्रीला जो पूर आला तो तुमच्याकडेही छापून आला होता. धोक्याची खूण २६ फुटांवर आणि नदी ३५ च्याही वर गेलेली, समा, कारेलीबाग, फतेगंज, वडसर सगळीकडे खालचे मजले पाण्यात, लष्कर बोलवावं लागलं, आणि मगरी रस्त्यावर आल्या त्याचे व्हिडिओ तर जगभर फिरले. आमच्याकडे लाईट नव्हती, मोबाईल गाडीत बसून चार्ज करायचा. त्यात मिरजेहून मावससासूबाईंचा फोन, वय ७८, आवाज रडवेला, "अगं तुमच्याकडे दोनशे तेरा फूट पाणी आलंय आणि तू फोन उचलत नाहीस!" मी म्हटलं मावशी, दोनशे तेरा फूट म्हणजे वीस मजली बिल्डिंग बुडेल, मी कुठून बोलतेय मग? तर त्यांना कुणीतरी मेसेज पाठवला होता, अजवा २१३ फूट, विश्वामित्री ३५ फूट, सावधान. बस एवढंच. आणि त्यांनी साधा विचार केला की ३५ फुटात एवढा हाहाकार तर २१३ वाला सुटला की संपलंच.

आता यात त्यांची काय चूक? अजवा हा विश्वामित्रीच्या वरच्या अंगाचा आमचा तलाव, आणि त्याचे ते फूट समुद्रसपाटीपासून मोजलेले असतात. बडोदं शहरच मुळात समुद्रसपाटीपासून सव्वाशे फुटांच्या आसपास आहे, म्हणजे तलावाची खोली २१३ फूट अजिबात नाही. आणि विश्वामित्रीचे ३५ फूट हे काळा घोडा पुलापाशी जी पट्टी आहे तिच्यावरचे. दोन्ही फूटच, पण मोजायला सुरुवात वेगवेगळ्या ठिकाणाहून. सरदार सरोवराचं १३८.६८ मीटर जे दरवर्षी बातम्यांत झळकतं तेही समुद्रसपाटीपासूनचंच, धरणाची उंची नव्हे, पाण्याची खोली तर नव्हेच. बडोद्यातला रिक्षावालाही तुम्हाला सांगेल की अजवा २११ च्या वर गेला की विश्वामित्रीकडे बघायला सुरुवात करायची, कारण तो आकडा त्याच्या अंगवळणी पडलाय, पण मिरजेच्या माणसाला ते कसं कळणार, आणि मिरजेच्या कृष्णेची पातळी मला कशी कळणार? बातमीत "समुद्रसपाटीपासून" हा एक शब्द घातला असता तर मावशींचं ब्लडप्रेशर वाढलं नसतं. (अजव्याचं पाणी आम्ही अजून पितो बरं का, सयाजीराव महाराजांनी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी बांधून दिलेलं, उगीच नाही इथली जुनी माणसं त्यांचं नाव काढलं की हात जोडत.)

दुसरी गोष्ट आमच्या धाकट्या दिरांची. ते पुण्याला धायरीत राहतात आणि पुण्यातल्या माणसाला धरणांवर बोलायला फार आवडतं हे आपल्याला सांगायला नको. दिवाळीत आले होते. फराळ करता करता म्हणतात, "वहिनी, तुमच्या नर्मदेचा एवढा गाजावाजा, कोर्ट काय, आंदोलनं काय, आणि भांडण किती पाण्याचं तर २८. आमच्या कृष्णेचं भांडण २०६० चं आहे!" मी तेव्हा गप्प बसले कारण मलाही नक्की माहीत नव्हतं आणि चकल्या तळायच्या होत्या. पण डोक्यातून जाईना. रात्री वही घेऊन बसले.

तर आकडे दोन्ही बरोबर होते. नर्मदा लवादाने १९७९ साली निवाडा दिला तेव्हा चार वर्षांतली तीन वर्षं हमखास मिळेल असं पाणी २८ एमएएफ धरलं, त्यातले मध्य प्रदेशाला १८.२५, गुजरातला ९, राजस्थानला अर्धा आणि महाराष्ट्राला पाव. कृष्णेच्या बच्छावत लवादाने तसंच हमखास पाणी २०६० टीएमसी धरलं, महाराष्ट्र ५६०, कर्नाटक ७००, आंध्र ८००. पण एक एमएएफमध्ये आहे आणि दुसरं टीएमसीमध्ये! म्हणजे एकाने पगार लाखात सांगितला आणि दुसऱ्याने हजारात, आणि दोघं आकड्यावरून भांडतायत.

एमएएफ म्हणजे मिलियन एकर-फूट. एक एकर शेत घ्या, बांध घाला, आणि त्यात एक फूट उंच पाणी उभं करा, ते झालं एक एकर-फूट. मला हे माप मनापासून आवडतं कारण ते डोळ्यासमोर येतं, भाताच्या खाचरासारखं. एकरात ४३,५६० चौरस फूट, त्यामुळे एकर-फुटात ४३,५६० घनफूट, म्हणजे साधारण सव्वाबारा लाख लिटर. असे दहा लाख एकर-फूट म्हणजे एक एमएएफ. आणि टीएमसी म्हणजे हजार मिलियन घनफूट, सरळ मराठीत शंभर कोटी घनफूट, एक अब्ज. मग भागाकार आपोआप सुटतो, एक एमएएफ म्हणजे ४३.५६ टीएमसी. एकराचेच आकडे, फक्त टिंब सरकलेलं, त्यामुळे एकदा कळलं की विसरायला होत नाही.

आता २८ ला ४३.५६ ने गुणा. १२२० टीएमसी आले. म्हणजे कृष्णा मोठी खरी, पण पावणेदोन पटीच्याही थोडी आतच, सत्तर पट नव्हे! आणि गंमत बघा, महाराष्ट्राचा वाटा पाव एमएएफ, ०.२५ गुणिले ४३.५६ बरोबर १०.८९. नंदुरबारच्या बातम्यांत तुम्ही स्वतःच वर्षानुवर्षं छापता, "नर्मदेतील महाराष्ट्राच्या हक्काचे १०.८९ टीएमसी पाणी". मला नेहमी प्रश्न पडायचा की हा असला विचित्र आकडा कुठून आला, ११ का नाही, १० का नाही. तो असा आला. लवादाने पाव लिहिलं आणि आपण त्याचं भाषांतर केलं. हा शोध लागला तेव्हा रात्रीचे पावणेबारा वाजले होते आणि मी नवऱ्याला उठवून सांगितलं, त्याने काय उत्तर दिलं ते इथे लिहीत नाही.

गुजरातच्या ९ एमएएफमधलं पिण्याला आणि उद्योगांना मिळून १.०६ ठेवलंय. ऐकायला चिमूटभर वाटतं ना? ४६ टीएमसी होतात. पुण्याची चारही धरणं, खडकवासला, पानशेत, वरसगाव, टेमघर, काठोकाठ भरली तर २९.१५. भाऊजींना हे मी दुसऱ्या दिवशी सकाळी सांगितलं. ते म्हणाले, "पण वहिनी, आमचं कोयना १०५ आहे." मी म्हटलं असू दे की, सरदार सरोवर एकूण ३३४ आणि त्यातलं वापरता येणारं २०५ च्या आसपास. मग त्यांनी विषय बदलून चिवड्यावर नेला.

मुंबईचं अजून तिसरंच. मुंबईच्या सात तलावांचा साठा दशलक्ष लिटरमध्ये छापता, १४ लाख ४७ हजार दशलक्ष लिटर. चौदा लाख आणि त्यापुढे परत दशलक्ष, म्हणजे वाचणाऱ्याने काय करावं? शेजारच्याच कॉलमात कोयना १०५. शाळेतलं पोरगं म्हणेल मुंबईचं पाणी कोयनेपेक्षा कितीतरी जास्त. आहे किती, ५१ टीएमसी, कोयनेच्या निम्म्याहून कमीच. आणि दिल्लीहून केंद्रीय जल आयोगाची बातमी आली की त्यात बीसीएम, अब्ज घनमीटर, एका बीसीएममध्ये ३५.३ टीएमसी. एकाच दिवशी एकाच पेपरात तीन-चार मापं, आणि कुठेही त्यांची एकमेकांशी ओळख करून दिलेली नाही.

नगर-नाशिकच्या पानावर तर मला धडकीच भरते. तिथे दलघफू आणि मराठवाड्याच्या पानावर दलघमी. दशलक्ष घनफूट आणि दशलक्ष घनमीटर. फू आणि मी, एका अक्षराचा फरक, पण पाण्यात ३५ पटीचा फरक! तसंच क्युसेक आणि क्युमेक. क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट, क्युमेक म्हणजे सेकंदाला एक घनमीटर. इथे नर्मदा कालव्याच्या बातम्यांत कधी एक येतं कधी दुसरं. मागे एका पेपरात (आपल्या नव्हे, उगीच आळ नको) एका धरणाच्या बातमीत हेडिंगमध्ये क्युसेक आणि आत क्युमेक असं आलेलं मी स्वतः वाचलंय, आकडा दोन्हीकडे तोच. आता खालच्या गावातल्या माणसाने गुरं सोडायची का नाही ते कशावरून ठरवायचं?

आणि हो, "क्युसेक प्रति सेकंद" लिहिणं कृपा करून बंद करा हो. सेकंद त्या क्युसेकच्या पोटातच आहे. ते पिवळं पितांबर झालं.

पण सगळ्यात मोठा घोळ होतो तो साठलेलं पाणी आणि वाहणारं पाणी यात. टीएमसी हा साठा आहे, बँकेतली शिल्लक समजा. क्युसेक हा वेग आहे, खात्यातून दर सेकंदाला किती निघतायत ते. २५ हजार क्युसेक सोडले एवढंच लिहिलं आणि किती तास सोडले ते लिहिलं नाही तर काहीच सांगितलं नाही असं होतं. आणि लोक समजतात २५ हजार नावाचं काहीतरी एकदाच सोडलं आणि संपलं. २०२४ च्या जुलैत पुण्यात सिंहगड रोडला एकतानगरीत पाणी घुसलं तेव्हा भाऊजी सारखे मेसेज टाकत होते, खडकवासल्यातून ३५ हजार क्युसेक, खडकवासल्यातून ३५ हजार क्युसेक. मी नुसतं "काळजी घ्या" लिहिलं. आता हिशोब येतो म्हणून सांगते, दिवसाचे ८६,४०० सेकंद, त्याने एक अब्जाला भागलं की ११,५७४ येतात. म्हणजे ११,५०० च्या आसपास क्युसेक दिवसभर, चोवीस तास, वाहिले की एक टीएमसी होतो. हा एकच आकडा पाठ केला तरी निम्मे पेपर वाचता येतात. ३५ हजार जर दिवसभर चालू राहिले तर तीन टीएमसी. आणि खडकवासला धरण आहे केवढं, १.९७! म्हणजे ते धरण स्वतःचं पाणी सोडतच नव्हतं, वरून येणारं पुढे ढकलत होतं. खडकवासला भरलेलं असेल तर तिथे पाणी थोपवायला जागाच नाही. हे तेव्हाच्या बातमीत एका ओळीत आलं असतं तर "धरणवाल्यांनी मुद्दाम सोडलं" म्हणणाऱ्यांना निदान थांबून विचार करावा लागला असता. चूक कुणाची होती नव्हती त्यात मी पडत नाही, मी फक्त भागाकार करतेय.

एक क्युसेक म्हणजे केवढं ते मला माझ्या पद्धतीने सांगते. एक घनफूट म्हणजे २८.३ लिटर, म्हणजे आपल्या बाथरूममधल्या १४ लिटरच्या दोन बादल्या. तर एक क्युसेक म्हणजे दर सेकंदाला दोन बादल्या. आमच्या सोसायटीची अंडरग्राउंड टाकी ५० हजार लिटरची आहे, कॉर्पोरेशनचं पाणी येतं तेव्हा ती भरायला काय वेळ लागतो आणि त्या वेळात बायका कशा खाली येऊन उभ्या राहतात ते मी बघते, एक क्युसेकचा नळ असता तर अर्ध्या तासात ओसंडून वाहिली असती. चाळीस फ्लॅट, फ्लॅटला चार माणसं, माणशी १३५ लिटर हे सरकारी माप धरलं तर दिवसाला साडेएकवीस हजार लिटर लागतात. आता नर्मदेचा मुख्य कालवा घ्या, जो आमच्या जिल्ह्यातूनच पुढे राजस्थानच्या हद्दीपर्यंत ४५८ किलोमीटर जातो. त्याच्या तोंडाशी क्षमता ४० हजार क्युसेक, क्युमेकमध्ये ११३३. पूर्ण भरून वाहिला तर एका सेकंदात ११ लाख लिटरच्या वर, म्हणजे आमच्या सोसायटीचं दीड महिन्याहून जास्त दिवसांचं पाणी, एक, दोन म्हणेपर्यंत पुलाखालून गेलं. कालव्यावरून आम्ही इतक्या वेळा गेलोय, मुलांना लहानपणी दाखवलाय, पण हा हिशोब केल्यानंतर पहिल्यांदा गेले तेव्हा मी गाडी थांबवायला सांगितली आणि कठड्यापाशी उभी राहून नुसती बघत राहिले. तो काय दर दिवशी पूर्ण भरून वाहत नाही हे मला माहितीये, पण तरी.

आता जे सांगायचंय त्याच्यासाठी एवढं सगळं लिहिलं. ३१ जुलै २०१९ ला बडोद्यात एका दिवसात जवळजवळ २० इंच पाऊस पडला होता. इथे पाऊस इंचात मोजतात, म्हणजे लोक बोलतात इंचात, तुमच्याकडे मिलिमीटरमध्ये, हे अजून एक. एक इंच म्हणजे २५.४ मिमी, तर २० इंच म्हणजे ५०० मिमीच्या आसपास. आणि पावसाचं माप फार सोपं आहे, एक चौरस किलोमीटरवर एक मिलिमीटर पाऊस पडला की बरोबर दहा लाख लिटर पाणी होतं. शहर सोयीसाठी २०० चौरस किलोमीटर धरलं तर त्या एका दिवसात नुसत्या शहराच्या डोक्यावर १० कोटी घनमीटर पाणी पडलं. १०० दलघमी. साडेतीन टीएमसी.

मग मी दुसरा हिशोब मांडला. बडोद्याची वस्ती २० लाख धरली, माणशी १३५ लिटर, रोजचे २७ कोटी लिटर, ज्याला कॉर्पोरेशनवाले २७० एमएलडी म्हणतात. गळती, उद्योग ते सगळं सोडून नुसतं घरगुती. गुणिले ३६५. काय आलं असेल? ९८.५५ दलघमी. साडेतीन टीएमसी!

मी दोनदा तपासलं. कॅल्क्युलेटरवर, मग वहीवर. म्हणजे जो पाऊस एका दिवसात आमच्या अंगावर पडून गटारांतून, नाल्यांतून, विश्वामित्रीतून, मगरींसकट खाली निघून गेला तो माणशी १३५ लिटरच्या हिशोबाने या शहराचं अख्ख्या वर्षाचं पाणी होता. आणि वरचा ४० हजार क्युसेकचा कालवा पूर्ण भरून एक दिवस वाहिला तर किती? ४० हजार भागिले ११,५७४, साडेतीनच टीएमसी. एक दिवसाचा पाऊस, एक दिवसाचा कालवा, एक वर्षाचं शहर. हे तिन्ही आकडे बातम्यांत केव्हाचे येतायत, एक इंचात, एक क्युसेकमध्ये, एक एमएलडीमध्ये, त्यामुळे ते एकमेकांशेजारी ठेवून बघायचं कुणाला सुचतच नाही. मलाही सुचलं नसतं, भाऊजींनी डिवचलं म्हणून. सगळा पाऊस अडवता येत नाही, जमिनीत मुरतो, वाफ होते, आणि घाण पाणी पिता येत नाही, हे सगळं खरं. पण छपरावरच्या पावसाचं काहीतरी करू या असं मी सोसायटीच्या मीटिंगमध्ये तीन वर्षं म्हणतेय तर "बेन, एटला पाणीथी शुं थाय" हे उत्तर ठरलेलं. एवढ्याशा पाण्याने काय होणार म्हणे. या वेळी वही घेऊन गेले. आमचं छप्पर ८०० चौरस मीटर, ५०० मिमी पाऊस, चार लाख लिटर, आपल्या टाकीच्या आठ टाक्या, एका दिवसात. सेक्रेटरींनी स्वतः मोबाईलवर गुणाकार केला आणि मग प्लंबरला बोलवायचं ठरलं. अजून आला नाहीये तो, पण ठरलंय.

टक्क्यांबद्दल थोडं लिहिते आणि मग माझी मागणी. उजनी "वजा" कशी होते हे मला कित्येक वर्षं कळत नव्हतं. २०२४ च्या उन्हाळ्यात उजनी वजा पन्नास टक्क्यांच्याही खाली गेली असं छापून आलं, आमच्या शेजारच्या बेनना मी वाचून दाखवलं तर त्या म्हणाल्या, तळ्यात उधारी चालते काय? खरं म्हणजे उजनीत भरल्यावर ११७ टीएमसी असतं आणि त्यातलं ६३ च्या वर मृत साठ्यात, म्हणजे तळाशी राहणारं, एरवी वापरात न धरलेलं पाणी. शून्य टक्के मोजतात ते त्या मृत साठ्याच्या वर, त्यातलंही उपसलं की वजा. म्हणजे शून्य टक्के उजनीतही पुण्याच्या चारही धरणांच्या दुपटीपेक्षा जास्त पाणी असतं. जायकवाडीतही तसंच, एकूण १०२, त्यातलं २६ मृत. मग "जायकवाडी ४० टक्के" म्हणजे एकूणाच्या का उपयुक्त साठ्याच्या? एका दिवशी एक आणि दुसऱ्या दिवशी दुसरं छापलं की पाऊस न पडताच धरण भरतं किंवा रिकामं होतं. सोसायटीच्या हिशोबात मी कधी डिपॉझिट धरून शिल्लक सांगितली आणि कधी सोडून सांगितली तर लोक मला काय म्हणतील?

तर मागणी मोठी नाही. मापं बदला असं मी म्हणत नाही, इंजिनियर लोक ज्यात मोजतात त्यात मोजू देत, सांगलीकराला टीएमसीच हवा आणि बडोदेकराला अजव्याचे फूटच हवेत. फक्त आकडा दिलात की त्याच्या शेजारी कंसात त्याचं टीएमसी द्या, कारण आपल्या वाचकाला निदान तेवढं एक माप ओळखीचं आहे. विसर्ग दिलात की तो किती तास होता आणि त्याचे दिवसाचे टीएमसी किती ते द्या. पातळी दिलीत तर कुठून मोजली ते. टक्के दिलेत तर कशाचे. पावसाळ्यात चार महिने धरणांचा जो चौकोन पहिल्या पानावर असतो त्याच्या खाली बारीक अक्षरात दोन ओळी कायमच्या टाकल्यात तरी चालेल, राशिभविष्याच्या खाली जागा असतेच: एक टीएमसी म्हणजे २८.३ दलघमी म्हणजे १००० दलघफू, म्हणजे ११,५७४ क्युसेक दिवसभर, आणि एक एमएएफ म्हणजे ४३.५६ टीएमसी. बातमीदाराला कंटाळा येत असेल तर मी रोज रात्री दहापर्यंत फुकट करून पाठवीन, खरंच.

यात घाई अशासाठी की नर्मदा लवादाच्या निवाड्यात ४५ वर्षांनंतर फेरविचार करता येईल असं कलम आहे आणि ती ४५ वर्षं २०२४ च्या डिसेंबरात पूर्ण झाली. म्हणजे आज ना उद्या चारही राज्यांत परत वाटपाची भाषा सुरू होणार, नेते एमएएफमध्ये बोलणार, पेपर टीएमसीमध्ये छापणार, टीव्हीवाले क्युसेकमध्ये ओरडणार, आणि आमच्या घरात दिवाळीला परत भांडण होणार. या वेळी मी फ्रिजवर तक्ता करून चिकटवलाय. भाऊजींनी व्हिडिओ कॉलवर तो बघितला, झूम करायला लावलं, आणि म्हणाले, "वहिनी, कोयनेचे १०५.२५ आहेत, पॉइंट पंचवीस राहिलेत." ते मी पेनाने वाढवले.

आपली नियमित वाचक,
मांजलपूर, बडोदे

ता.क. पत्र लिहून झाल्यावर तक्त्यात गॅलनही घालावं म्हटलं, कारण सासरे कायम गॅलनमध्ये बोलायचे, वाड्यावरची टाकी ४०० गॅलनची असं. मोबाईलने उत्तर दिलं १५१४ लिटर. नवरा म्हणाला, शक्य नाही, बाबा १८०० म्हणायचे. बाबा बरोबर होते. मोबाईल अमेरिकन गॅलन धरतो, ३.७८५ लिटरचा, आणि आपल्याकडे जुना होता तो विलायती, ४.५४६ चा. तेव्हा तुम्हाला कुठल्या जुन्या कागदात एमजीडी, म्हणजे दिवसाला मिलियन गॅलन, सापडलं तर आधी गॅलन कुठला ते विचारा, मग छापा.